संशयास्पद दांड्याची गाडी

पंचनाम्याच्या दुसऱ्या पानावर लिहिलं होतं : 'सदर वाहनात स्टिअरिंगखाली एक संशयास्पद लोखंडी दांडा बसवलेला आढळून आला. सदर दांड्याचे प्रयोजन समजून आले नाही.'

मी ते वाक्य दोनदा वाचलं आणि टेबलापलीकडे बसलेल्या बाईंकडे पाहिलं. त्यांनी दोन्ही कुबड्या बाजूच्या कपाटाला टेकवून ठेवल्या होत्या. पायांना कॅलिपर होते.

"हा दांडा कसला?" मी विचारलं.

"ब्रेक," त्या म्हणाल्या. "पुढे ढकलला की ब्रेक, मागे ओढला की रेस. माझे पाय चालत नाहीत ना, म्हणून हातानं."

"मग हे तुम्ही त्यांना सांगितलं का नाही?"

"मी नव्हते गाडीत. भाऊ होता. त्याला कोणी विचारलं नाही म्हणतो."

मी वकील आहे. भोईवाड्याच्या कोर्टात माझी बावीस वर्षं गेली. कोर्टाजवळच्या गल्लीत झेरॉक्सच्या दुकानाच्या पोटमाळ्यावर माझं ऑफिस आहे. तिथे जायला लाकडी जिना आहे, म्हणून त्या दिवशी मी खाली, दुकानातच, टेबल मांडून बसले होते. समोरच्या बाई म्हणजे ज्युलियाना परेरा. वय सेहेचाळीस. माहीमच्या. घरी मराठी बोलणारं जुन्या मुंबईतलं ख्रिश्चन कुटुंब. परळच्या एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये त्या टेक्निशियन होत्या. उपाशीपोटी रक्त द्यायला येणारी जी सकाळची रांग असते, ती वीस वर्षं त्यांच्याकडे होती. पावणेसातला लॅबमध्ये हजर. त्यासाठी ती गाडी. साधी ऑटोमॅटिक हॅचबॅक, तिला हातानं चालवायचा दांडा जोडून घेतलेला. आरसी बुकात आरटीओची तशी रीतसर नोंद. मूळचे पेडल जागेवरच होते, त्यामुळे धड पायांचा माणूसही ती चालवू शकत होता.

धड पायांचा माणूस म्हणजे नेल्सन, त्यांचा धाकटा भाऊ.

नेल्सनच्या मित्राच्या घरी लग्न होतं. कोणीतरी गोव्याहून पनवेलपर्यंत दारूचे नऊ खोके आणले होते. तिथून ते दादरला पोचवायचं काम नेल्सननं मैत्रीखातर अंगावर घेतलं. गोव्याची दारू महाराष्ट्राचा कर न भरता इथे आणणं हा गुन्हा आहे. प्रत्येक बाटलीवर 'फक्त गोव्यात विक्रीसाठी' असं छापलेलं होतं. भर दुपारी, परळच्या नाकाबंदीत, गाडी थांबवली गेली. नेल्सनला अटक झाली, दुसऱ्या दिवशी जामीन मिळाला. गाडीला जामीन मिळाला नाही.

इथे दोन शब्द समजून घ्यावे लागतील. जप्ती म्हणजे गाडी ताब्यात घेणं. सरकारजमा म्हणजे गाडी कायमची सरकारची होणं. जप्ती पाच मिनिटांत होते. सरकारजमा करायची की नाही हे ठरायला वर्ष जातं, दोन वर्षं जातात. मधल्या काळात मालकाला ती वापरता येत नाही आणि सरकारला विकता येत नाही. ती नुसती उभी राहते. उभ्या गाडीची बॅटरी जाते, टायर बसतात, उंदीर वायरी खातात. शेवटी निकाल लागतो तेव्हा ज्याच्या बाजूनं लागला त्याला भंगार मिळतं.

यावर कायद्यात सोय आहे. मालकानं कोर्टात अर्ज करायचा. कोर्टाला पटलं तर कोर्ट गाडी मालकाच्या सांभाळात देतं. मालकानं बंधपत्र लिहून द्यायचं की बोलवाल तेव्हा गाडी हजर करीन, विकणार नाही. याला सुपूर्दनामा म्हणतात. गाडी मालकाच्या दारात उभी राहते, पण कागदावर कोर्टाच्या ताब्यात असते.

परेराबाईंना त्या दिवसापर्यंत राज्य उत्पादन शुल्क खात्याची नोटीसही आली होती. गाडी सरकारजमा का करू नये, याचं उत्तर द्या.

"किती दिवसांत मिळेल?" त्यांनी विचारलं.

"महिना धरा. तोवर कामावर कशा जाता?"

त्यांनी सांगितलं त्यावरून एवढं कळलं. सकाळी सहाला टॅक्सीवाला कुबड्या बघतो आणि न थांबता पुढे जातो. म्हणून नेल्सन आधी नाक्यावर जातो, एकटाच टॅक्सीत बसतो, टॅक्सी घराशी आणतो आणि मग बहीण बाहेर येते. तोवर मीटर पडलेलं असतं, त्यामुळे टॅक्सीवाल्याचा इलाज चालत नाही. परळपर्यंत तो शेजारी बसून येतो. त्या त्याच्याशी बोलत नाहीत. तोही बोलत नाही. तरी आठवड्यातून दोनदा उशीर होतोच. लॅबच्या डॉक्टरांनी सांगितलं होतं की महिनाअखेर बघू, नाहीतर तुम्हाला दुपारच्या बिलिंग काउंटरवर घेतो.

"बिलिंग वाईट नाही," मी म्हटलं.

"नाही. पण मी शीर शोधते," त्या म्हणाल्या. "म्हाताऱ्या माणसांची शीर सापडत नाही. माझ्याकडे पाठवतात."

मी त्याच संध्याकाळी अर्जाचा मसुदा केला. अशा अर्जांचा साचा ठरलेला असतो. परिच्छेद चारमध्ये मी नेहमीचं वाक्य घातलं : 'सदर वाहन आरोपीने अर्जदाराच्या संमतीशिवाय व माहितीशिवाय नेले.' संमतीशिवाय व माहितीशिवाय ही जोडी आमच्या अर्जांत मीठ-मोहरीसारखी एकत्र पडते. त्याला कारण आहे. गाडी सरकारजमा होऊ नये असं वाटत असेल तर मालकाला दाखवावं लागतं की गुन्ह्याशी माझा संबंध नाही, मी माझ्या परीनं काळजी घेतली होती. गाडी न विचारता नेली म्हटलं की अर्धं काम होतं.

दोन दिवसांनी दोघं सहीसाठी आली. परेराबाईंनी चष्मा लावून चारही पानं वाचली. वाचणारा अशील मला फारसा सवयीचा नाही. परिच्छेद चारवर त्या थांबल्या.

"हे 'संमतीशिवाय' काढा."

"का?"

"चावी मी दिली. खिडकीतून, माझ्या हातानं."

"दारू आणायला दिली होती का?"

"नाही. मित्राचं सामान आणायचंय म्हणाला."

"मग त्या कामाला तुमची संमती नव्हतीच. वाक्य बरोबर आहे."

"वाचणाऱ्याला काय वाटेल? यानं चावी चोरली असं वाटेल."

तिथे नेल्सननं तोंड उघडलं. उंच, खांदे पाडून उभा राहणारा माणूस. तोवर तो दाराशीच होता. "मॅडम, तसंच राहू दे. मी सांगतो, चावी मीच घेतली. बाय झोपली होती."

"नेल्सन, तू गप," परेराबाई म्हणाल्या. माझ्यासमोर त्याच्याशी बोललेलं हे पहिलं वाक्य.

"अगं पण केस माझ्यावर आहेच. अजून एक चोरी लागली तर काय मोठंसं? गाडी तरी सुटेल तुझी."

मी त्याच्या बाजूनं होते हे कबूल करते. मी त्यांना समजावलं. चावी स्वतः दिली म्हटलं की सरकारी वकील विचारणार, काय काळजी घेतली? मग आपल्याकडे उत्तर नाही. कदाचित अर्ज फेटाळला जाईल. वर जावं लागेल, त्यात सहा महिने. बिलिंग काउंटरचं काय?

त्यांनी ऐकून घेतलं. मग म्हणाल्या, "मॅडम, रिपोर्टवर मशीनवर आलेला आकडा लिहायचा असतो. पेशंटला बरा वाटेल तो लिहिला तर उद्या डॉक्टर चुकीचं औषध देतो. तुम्ही लिहा, चावी मी दिली, दारूचं मला माहीत नव्हतं. आणि भाऊ चोर नाही. मूर्ख आहे. ते लिहायची गरज नाही."

माझा आवाज चढला असावा, कारण झेरॉक्सवाल्यानं मशीन थांबवलं. मी म्हटलं, अशिलानं कायदा शिकवायचा तर वकील कशाला करायचा? पेन उघडून त्यांनी 'संमतीशिवाय व' एवढे शब्द खोडले, बाजूला सही केली आणि कागद माझ्याकडे सरकवला. मी पान पुन्हा टाइप करून घेतलं. मनात म्हटलं, हरल्यावर बोलू.

अर्ज दाखल झाला. आमचा अर्ज गेला की सरकारी पक्ष त्यावर आपलं लेखी म्हणणं देतो. त्याला कोर्टात सगळे 'से' म्हणतात. से यायला तीन तारखा गेल्या. मधे मी खात्याच्या आवारात जाऊन गाडीचे फोटो काढून आले. एका टेम्पोला चिकटून उभी होती. छपरावर कावळ्यांचा कारभार. डावीकडची दोन्ही चाकं बसली होती. काचेतून दांडा दिसत होता. त्याला पंचनाम्याचा नंबर घातलेली चिठ्ठी सुतळीनं बांधली होती.

सुनावणीच्या दिवशी परेराबाई लॅबमधून परस्पर आल्या, बोटांना स्पिरिटचा वास. नेल्सन मागच्या बाकावर. सरकारी वकील मोहिते होते. माझ्याहून सीनियर, सभ्य माणूस, कधी आवाज चढवत नाहीत. त्यामुळे त्यांची भीती जास्त वाटते.

"साहेब, विरोध आहे," ते मॅजिस्ट्रेटांना म्हणाले. "एक, सरकारजमा करण्याची नोटीस आधीच निघाली आहे. उद्या गाडी विकली तर सरकारजमा काय करायचं? दोन, गाडीत बेकायदा फेरफार आहे."

"कसला फेरफार?"

मोहित्यांनी मागे उभ्या असलेल्या तपास अधिकाऱ्यांकडे पाहिलं. अधिकारी म्हणाले, "साहेब, स्टिअरिंगखाली लोखंडी दांडा आहे."

"कशासाठी?"

"तपास चालू आहे साहेब."

मी आरसी बुकाची प्रत पुढे केली. साहेबांनी ती वाचली. मग परेराबाईंकडे, कुबड्यांकडे आणि पुन्हा कागदाकडे पाहिलं. "हा दांडा तुम्ही वापरता?"

"हो साहेब. ढकलला की ब्रेक, ओढला की रेस."

"लायसन्स?"

"त्यावरही नोंद आहे," मी म्हटलं आणि ती प्रत दिली.

साहेब अधिकाऱ्यांना म्हणाले, "तपास संपला असं समजा."

कोणी हसलं नाही. मोहित्यांनी कागद उलटला आणि मला ज्याची धास्ती होती ते बाहेर काढलं.

"साहेब, तिसरा मुद्दा. सोसायटीच्या वॉचमनचा जबाब आहे. अर्जदार बाईंनी स्वतः खिडकीतून चावी दिली, हे त्यानं पाहिलंय. अशा केसेसमध्ये मालक नेहमी म्हणतात, गाडी न विचारता नेली. इथे साक्षीदार आहे. मालक कोर्टाची दिशाभूल करतो तेव्हा त्याच्या बंधपत्रावर विश्वास कसा ठेवायचा?"

वॉचमनचा जबाब घेतलाय हे मला माहीत नव्हतं. परेराबाईंनाही माहीत नव्हतं, हे त्यांच्या चेहऱ्यावरून कळलं. माझ्या तळहाताला घाम फुटला. तो माझ्या पहिल्या मसुद्यासाठी होता, हातातल्या अर्जासाठी नाही. पण फुटला.

"साहेब," मी म्हटलं, "कृपया परिच्छेद चार बघावा."

साहेबांनी पान उलटलं आणि मोठ्यानं वाचलं : "'सदर वाहनाची चावी अर्जदाराने स्वतः आरोपीस दिली. मद्याच्या वाहतुकीबाबत अर्जदारास कोणतीही माहिती नव्हती.'"

मोहित्यांनी आपल्यासमोरची प्रत उचलली. त्यांनी परिच्छेद चार वाचला नव्हता. अशा अर्जांत परिच्छेद चार कोणी वाचत नाही, कारण त्यात काय असतं ते सगळ्यांना माहीत असतं. "हो, लिहिलंय खरं," ते म्हणाले आणि बसले. मला त्यांचं कौतुक वाटलं. दुसऱ्या कोणी आणखी दहा मिनिटं ताणलं असतं.

साहेबांनी परेराबाईंना विचारलं, "चावी देताना विचारलंत का, कशाला हवी?"

"विचारलं. मित्राचं सामान आणायचंय म्हणाला."

"कसलं सामान, ते विचारलं?"

"नाही."

"का नाही?"

"साहेब, लहानपणी शाळेत मला तो पाठीवर घेऊन जायचा. माझ्यापेक्षा चार वर्षांनी लहान आहे. तेव्हा त्यानं काही विचारलं नाही. मग मी नाही विचारलं."

मी मागे वळून पाहिलं नाही. बाकावरून कोणीतरी उठून बाहेर गेल्याचा आवाज मात्र आला.

साहेबांनी लिहायला घेतलं. नोटीस निघाली म्हणजे गाडी सरकारजमा झाली असं नव्हे. तो प्रश्न यथावकाश ठरेल, तोवर गाडी आवारात कुजवून कोणाचाच फायदा नाही. गाडीच्या किमतीइतकं बंधपत्र, एक जामीनदार. विकायची नाही, बोलावल्यावर हजर करायची, मूळ स्थितीत ठेवायची. मोहित्यांनी उठून एक अट मागितली. आरोपीनं गाडी चालवू नये. "मान्य," मी म्हटलं.

जामीनदार म्हणून लॅबचे डॉक्टर आले. फ्लॅटचे कागद टेबलावर ठेवून त्यांनी मला सांगितलं, "मी काही उपकार करत नाही. गेले तीन आठवडे यांना उशीर झाला की लोक सुई तीनदा टोचली म्हणून माझ्या केबिनमध्ये येऊन भांडतायत."

दुसऱ्या दिवशी आदेश घेऊन आम्ही आवारात गेलो. परेराबाई, मी आणि जम्पर केबल घेतलेला मेकॅनिक. नेल्सन आत आला नाही, फाटकाशी थांबला. इन्स्पेक्टर साहेबांनी आदेश सावकाश वाचला आणि बोट एका ओळीवर ठेवलं.

"मॅडम, 'मूळ स्थितीत' लिहिलंय."

"बरोबर."

"मूळ म्हणजे कंपनीनं दिली तशी. दांडा काढा, मग गाडी घेऊन जा. नाहीतर उद्या आमच्यावर येईल."

"दांडा काढला तर गाडी चालवणार कोण?"

"भाऊ चालवतो ना?"

"भावानं चालवायची नाही. पुढची ओळ वाचा."

त्यांनी पुढची ओळ वाचली. मग मागची पुन्हा वाचली. माणूस वाईट नव्हता. दोन्ही ओळी एकाच वेळी पाळायचा तो मनापासून प्रयत्न करत होता. "मग तुम्हीच बघा," शेवटी ते म्हणाले.

मी परेराबाईंना तिथेच खुर्चीवर बसवून भोईवाड्याला परत गेले. दुपारच्या सत्रात दुरुस्तीचा अर्ज हातानं लिहून दिला. साहेबांनी तो वाचला, डोळे मिटले, उघडले आणि 'मूळ' शब्द खोडून 'आज आहे त्या' असं लिहिलं. मोहित्यांची हरकत नव्हती.

चार वाजता मी आवारात पोचले. मेकॅनिकनं चाकांत हवा भरली होती. बॅटरीला केबल लावली. परेराबाईंनी कुबड्या मागच्या सीटवर टाकल्या, आत बसल्या, दांड्याची सुतळी सोडली, चिठ्ठी इन्स्पेक्टर साहेबांना दिली. त्यांनी पोच म्हणून सही घेतली. दांडा आधी हलेना, गंजला होता. मेकॅनिकनं तेल सोडलं. मग हलला. गाडी पाच फूट पुढे गेली आणि थांबली. ब्रेक चालत होता.

फाटकाशी त्यांनी गाडी उभी केली आणि डावीकडचं दार आतून ढकललं. नेल्सन वाकून म्हणाला, "मला चालवायला बंदी आहे."

"बसायला नाही," त्या म्हणाल्या. "बस."

सरकारजमा करायचा प्रश्न पुढे दीड वर्ष चालला. तोवर दोनदा गाडी कोर्टासमोर हजर करावी लागली. दोन्ही वेळा त्या सकाळची रांग संपवून आल्या. मॅजिस्ट्रेट मधे बदलले. नेल्सननं गुन्हा कबूल केला, त्याला दंड झाला. नव्या साहेबांनी गाडी सरकारजमा करायचं नाकारलं. मालकिणीनं पहिल्याच अर्जात स्वतःच्या विरुद्ध जाणारी गोष्ट लपवली नाही, त्यामुळे माहिती नव्हती या तिच्या म्हणण्यावर विश्वास ठेवायला हरकत नाही, असं कारण दिलं. मोहिते बाहेर मला म्हणाले, "तो परिच्छेद चार चांगला ड्राफ्ट केला होतात हं." मी थँक्यू म्हटलं. खरं सांगायला हवं होतं, पण त्यांना पुढच्या कोर्टात जायची घाई होती.

आता मी प्रत्येक मसुदा सहीच्या आधी अशिलाला मोठ्यानं वाचून दाखवते. यात अर्धा तास जातो. बहुतेक जण मधेच फोन बघतात. काही जण चुका काढतात, त्यातल्या पुष्कळशा चुका नसतातच. तरी वाचते.